बाळंतपण जसं असतं तसं दाखवायचंय? डॉक्युमेंटरी करणाऱ्यांसाठी, पहिल्या भेटीपासून रिलीजपर्यंत

सिनेमातलं बाळंतपण सगळ्यांना पाठ आहे. बाईचं अचानक पाणी जातं, गाडीची धावपळ होते, दोन किंकाळ्या, कोणीतरी "अजून थोडा जोर लाव" म्हणून ओरडतं आणि पुढच्या शॉटला पुसलेलं, गुबगुबीत, डोळे उघडून बघणारं बाळ, जे बऱ्याचदा काही आठवड्यांचं असतं. सगळं मिळून चार मिनिटं. याला जुनं कारणही आहे, हॉलिवूडच्या स्टुडिओंनी १९२७ साली काय दाखवायचं नाही याची जी यादी केली त्यात खरं बाळंतपण होतं, सावलीतूनसुद्धा दाखवायचं नाही असं, आणि १९३० च्या प्रॉडक्शन कोडमध्येही, म्हणजे स्टुडिओंनी स्वतःला घालून घेतलेल्या नियमावलीत, ती बंदी आली. म्हणजे कित्येक वर्षं कॅमेरा दाराबाहेरच उभा राहिला आणि आत जे होतं ते एका किंकाळीवर भागवलं गेलं. डॉक्युमेंटरीवाले खऱ्या खोलीत जातात, पण एडिटला बसलं की हात आपोआप त्याच चार मिनिटांकडे वळतो.

माझं म्हणणं असं की या विषयात खोटेपणा शिरतो तो वेळ कापताना. रक्त दाखवायचं की नाही, किती दाखवायचं, हे प्रश्न आहेतच, पण ते नंतर येतात. आधी बाईच्या शरीराला जेवढा वेळ लागतो तो समजून घ्यायचा, मग तिच्या होकाराला जेवढा वेळ लागतो तो द्यायचा आणि बाळ झाल्यावर जो वेळ कुणी शूट करत नाही तिथेही हजर राहायचं. खालचं सगळं त्याच क्रमाने लिहितोय.

१. कॅमेरा उचलायच्या आधी घड्याळ समजून घ्या

गरोदरपण ४० आठवड्यांचं धरतात, पण ते शेवटच्या पाळीच्या पहिल्या दिवसापासून मोजतात. डॉक्टरने दिलेल्या तारखेला बाळ होणाऱ्या बायका साधारण शंभरात चार-पाच. ३७ ते ४२ आठवड्यांमध्ये कधीही होऊ शकतं, म्हणजे तुमच्या टीमला पाच आठवडे फोन उशाशी ठेवून झोपायचंय, त्या काळात दुसरं शूट घ्यायचं नाही आणि कॅमेरामन आजारी पडला तर दुसरा माणूस तयार पाहिजे, आणि तो दुसरा माणूसही बाईला आधी भेटलेला पाहिजे, ऐन कळांमध्ये अनोळखी चेहरा आत पाठवायचा नाही.

कळांचं गणित सगळ्यात जास्त चुकीचं दाखवलं जातं. सुरुवातीच्या कळा, म्हणजे गर्भपिशवीचं तोंड हळूहळू मऊ होऊन उघडायला लागतं तो टप्पा, किती चालेल याचं काही ठरलेलं माप नाही, काही तास लागतील किंवा एक-दोन दिवसही. जागतिक आरोग्य संघटनेने २०१८ साली बाळंतपणाच्या काळजीबद्दल ज्या शिफारशी केल्या त्यात तोंड ५ सेंटिमीटर उघडल्यापासून पुढचा जोराचा टप्पा धरलाय, तो पहिलटकरणीला सहसा १२ तासांच्या आत आणि आधी मूल झालेल्या बाईला १० तासांच्या आत संपतो. त्यानंतर जोर लावायचा टप्पा, पहिल्या खेपेला ३ तासांपर्यंत, पुढच्या खेपांना २ तासांपर्यंत. तासाला एक सेंटिमीटर उघडलंच पाहिजे हा जुना नियम सगळ्या बायकांना लागू होत नाही हेही त्याच शिफारशींमध्ये सांगितलंय, त्यामुळे नॅरेशनमध्ये "प्रगती मंदावली" असलं वाक्य टाकायच्या आधी दहा वेळा विचार करा. आणि हो, पाणी जाऊन मग कळा सुरू होणं हे दिवस भरलेल्या बायकांमध्ये साधारण दहात एकीला होतं, बाकीच्यांना आधी कळा येतात. सिनेमाने हा दहातला एक प्रकारच सगळ्यांचा करून टाकलाय.

हे आकडे फिल्ममध्ये यायची गरज नाही. तुम्हाला माहीत असले की सातव्या तासाला तुम्ही "काहीच होत नाहीये" म्हणून कॅमेरा बंद करणार नाही, एवढ्यासाठी ते हवेत.

२. कुणाची गोष्ट घेताय

शक्य असेल तर एकीवर फिल्म टाकू नका, दोघी-तिघी घ्या. एकीच्या बाळंतपणावरून प्रेक्षक "असंच असतं" असं धरून बसतो, मग ते फार सोपं गेलं असेल तरी नुकसान आणि फार भयंकर गेलं असेल तरी नुकसान. जगात साधारण पाचातलं एक बाळ सिझेरियनने होतं, त्यामुळे तीन बायका घेतल्या तर त्यातल्या एकीचं सिझेरियन होणं अगदी शक्य आहे आणि तसं झालं तर "आपली फिल्म बिघडली" असं वाटू देऊ नका. गुंतागुंत होईल म्हणून मुद्दाम धोक्यातली बाई शोधणं हे मला साफ अमान्य आहे.

एक विषय पहिल्या महिन्यातच काढावा लागतो. दिवस गेल्याचं कळल्यानंतर साधारण शंभरातली दहा ते पंधरा गरोदरपणं आपोआप संपतात, बहुतेक पहिल्या तीन महिन्यांत. पुढच्या महिन्यांत पोटात बाळ दगावणं त्या मानाने कमी, पण होतं. तसं झालं तर शूटिंगचं काय, हे तिच्याशी आधी बोलून ठेवा. जड जातं बोलायला, तरी बोला. मी तीन पर्याय ठेवायला सांगेन: लगेच थांबायचं आणि सगळं फुटेज तिला द्यायचं, थांबायचं आणि काही महिन्यांनी ती म्हणेल तर पुन्हा भेटायचं, किंवा तिला हवं असेल तर चालू ठेवायचं. काही बायकांना चालू ठेवायचंच असतं, कारण त्या बाळाची दुसरी काहीच आठवण हातात राहणार नसते. तिने आज जे निवडलं ते त्या दिवशी बदललं तरी चालेल हेही स्पष्ट सांगा.

३. होकार एकदा घेऊन भागत नाही

इथे सगळ्यात जास्त वेळ घाला. कागदावर सही घेतली म्हणजे परवानगी मिळाली असं निर्मात्याला वाटतं, वकिलालाही वाटतं, पण सहाव्या महिन्यात सोफ्यावर बसून दिलेला होकार आणि नऊ तास कळा घेतल्यावरचा होकार यात फार फरक आहे. म्हणून होकार निदान तीन वेळा घ्यायचा.

पहिला गरोदरपणात, निवांत, तिच्याशी एकटीशी बोलून. नवरा हो म्हणाला, आई हो म्हणाली, डॉक्टर हो म्हणाले हे तिच्या होकाराच्या जागी चालत नाही. काय काय दिसू शकतं ते स्पष्ट शब्दांत सांगा, "इंटिमेट क्षण" वगैरे गोलगोल बोलू नका, योनी दिसेल का, छाती दिसेल का, शी झाली तर, उलटी झाली तर, ती शिव्या देत असेल तर, नवऱ्यावर ओरडली तर, एकेक विचारा आणि लिहून ठेवा. जोर लावताना शी होणं अगदी कॉमन आहे आणि कितीतरी बायकांना त्याचीच सगळ्यात जास्त भीती असते, त्यामुळे हा प्रश्न विचारला की उलट त्यांना बरं वाटतं.

दुसरा होकार त्या दिवशी. यात नवीन काही मागायचं नसतं, फक्त "आत येऊ का" एवढं, आणि ती नको म्हणाली तर विषय संपला. पेनकिलर किंवा गुंगीचं औषध दिल्यानंतर कसलीही नवीन परवानगी मागायची नाही. थांबायची एक खूण ठरवून ठेवा, हात वर केला की कॅमेरा खाली, आणि ती खूण तिच्यासोबत खोलीत थांबणाऱ्या माणसालाही वापरता आली पाहिजे कारण कळ ऐन भरात असताना तिला हातसुद्धा उचलवत नाही.

तिसरा होकार एडिट झाल्यावर, प्रत्यक्ष फिल्म दाखवून. तिच्या शरीराच्या शॉट्सवर तिला काढून टाकायचा हक्क द्या, करारात लिहून द्या. कितीतरी दिग्दर्शक याला घाबरतात, पण हा हक्क लेखी असला की बायका आधीच्या दोन टप्प्यांत जास्त मोकळ्या होतात. 

बाकी लोकही फ्रेममध्ये असतात हे विसरू नका. नर्स, सुईण, भूलतज्ज्ञ, सफाई करणाऱ्या बाई, प्रत्येकाला आधी विचारायचं. पडद्यापलीकडच्या बेडवरची बाई दिसत नसली तरी तिचा आवाज येतो आणि तो वापरायची परवानगी तुमच्याकडे नाही. हॉस्पिटलची परवानगी वेगळी, ती घ्यायचीच, पण त्यामुळे बाईची घेतल्यासारखी होत नाही. फिल्मच्या बदल्यात तिचे उपचार फुकट होणार असतील तर ती नाही कशी म्हणणार, असला व्यवहार करू नका, आणि बाईने शूटिंग नाकारलं तरी तिच्या उपचारात काही फरक पडणार नाही हे हॉस्पिटलकडून तिच्यासमोर वदवून घ्या. राहिलं बाळ, ते विचारायला नाहीच, म्हणून त्याचं पूर्ण नाव, जन्मतारीख, हातावरचा टॅग फिल्ममध्ये वाचता येईल असा ठेवू नका.

४. गरोदरपणात काय शूट करायचं

पोटावर हात ठेवून खिडकीशी उभी असलेली बाई, हा शॉट घेऊच नका, तो लाख वेळा झालाय. त्याऐवजी जिथे तिचा दिवस जातो तिथे जा: ओकाऱ्या काढून झाल्यावर न्हाणीघराच्या फरशीवर टेकून बसणं, छातीत जळजळ होते म्हणून रात्री तीनला उठून बसणं, सुजलेल्या पायात चप्पल न जाणं, तपासणीसाठी दोन तास नंबर लावून बसणं आणि आत चार मिनिटं मिळणं. सगळ्याच बायका सगळ्या वेळी आनंदात नसतात, काहींना भीती असते, काहींना राग असतो, काहींना हे मूल हवं की नको तेच ठरलेलं नसतं, आणि या भावना घरच्यांसमोर कॅमेऱ्यात येणार नाहीत. यावर साधा उपाय, तिला तिच्याच फोनवर रात्री वाटेल तेव्हा व्हॉइस रेकॉर्डिंग करायला सांगा, तुम्हाला पाठवायचं की नाही ते तिने ठरवायचं. या रेकॉर्डिंगमधून जे मिळतं ते समोर बसून मुलाखत घेऊन मिळत नाही.

सोनोग्राफीच्या स्क्रीनवर नाव आणि नंबर असतो, तो झाका. काही देशांत गर्भाचं लिंग सांगणं गुन्हा आहे, तिथे स्क्रीनचा शॉट वापरायच्या आधी डॉक्टरांना विचारा.

५. खोलीत कसं वावरायचं

बाईला भीती वाटली, अवघडल्यासारखं झालं की शरीरात अ‍ॅड्रेनलिन वाढतं आणि त्याने कळा मंदावू शकतात. याचा सरळ अर्थ, तुमचा लाइट, तुमची कुजबुज, तुमचं तिच्याकडे टक लावून बघणं याचा बाळंतपणावर परिणाम होऊ शकतो. म्हणून आत एकच माणूस, फार तर दोन. एफ १.४ किंवा १.८ ची, म्हणजे कमी उजेडात चालणारी लेन्स घ्या, खोलीत असेल त्या उजेडात शूट करा, आयएसओ (कॅमेऱ्याची उजेड टिपायची सेटिंग) वाढून चित्रात दाणे आले तर येऊ द्या. फ्लॅश नाही, फोकसचा बीप बंद, कॅमेऱ्यावरच्या लाल दिव्यावर चिकटपट्टी. जोडे आवाज न करणारे. हात धुणं नर्स करतात तसंच, सर्दी-ताप असेल तर घरी थांबायचं. 

उभं राहायची जागा बाईच्या डोक्याच्या बाजूला, खांद्याच्या थोडं मागे. तिथून जे दिसतं ते तिला दिसतं तसं असतं आणि डॉक्टरांच्या वाटेतही येत नाही. निळ्या किंवा हिरव्या निर्जंतुक कापडांच्या जवळसुद्धा जायचं नाही. वायरलेस माइक लावायचा असेल तर तिथल्या मशीनबरोबर चालेल का ते स्टाफला आधी विचारा, नाहीतर छोटा रेकॉर्डर एका कोपऱ्यात ठेवून द्या. माइक बाईच्या अंगावर लावू नका, ती उठते, बसते, ओणवी होते, अंगावरचे कपडे काढून टाकते. स्टाफबरोबर एक शब्द ठरवा, तो कानावर आला की काही न विचारता बाहेर पडायचं. आणि रक्त बघून चक्कर येणारे लोक असतात, ते तिथे कळण्यापेक्षा आधी कळलेलं बरं, म्हणून टीमने आधी एखाद्या हॉस्पिटलमध्ये कॅमेऱ्याशिवाय एक दिवस काढावा.

६. कळांचं शूटिंग

जोरात आलेली कळ साधारण पाऊण ते दीड मिनिट टिकते, मग दोन-तीन मिनिटं काही नाही. त्या मधल्या मिनिटांमध्येच सगळं असतं. बाई एकदम शांत होते, डोळे मिटते, काही जणी चक्क घोरतात, पाणी मागतात, कोणाला तरी विचारतात की किती वाजले, आणि मग चेहऱ्यावर पुढची कळ येताना दिसते. फिल्ममध्ये निदान एकदा ही पूर्ण फेरी न कापता ठेवा, कळ, मधली शांतता, परत कळ. चार-पाच मिनिटांचा शॉट होईल, डिस्ट्रिब्युटर कुरकुर करेल, तरी ठेवा, कारण हेच असं दहा तास चालतं हे प्रेक्षकाला अंगावर कळायचा दुसरा मार्ग नाही.

सगळ्या किंचाळत नाहीत. जोर लावायची वेळ आली की बऱ्याच जणींचा आवाज उलट खोल आणि खालच्या पट्टीत जातो, घशातून येतो. गर्भपिशवीचं तोंड पूर्ण उघडायच्या सुमाराला अंग थरथरतं, उलटी होते, "मला नाही जमणार, मला घरी जाऊ दे" असं म्हणतात. ते दाखवा, पण पुढचं-मागचं जोडून, नाहीतर एकटं ते वाक्य ट्रेलरमध्ये टाकलं की बाई हरल्यासारखी दिसते.

सिझेरियन असेल तर पडद्याच्या अलीकडे, तिच्या चेहऱ्यापाशी राहा. कमरेखाली भूल दिलेली असली तर ती जागी असते, दुखत नाही पण ओढल्यासारखं, ढवळल्यासारखं जाणवतं. बाळ बहुतेक वेळा पहिल्या काही मिनिटांतच बाहेर येतं आणि थराथराने शिवायलाच जास्त वेळ जातो. कॅमेरा बाळाबरोबर बाहेर पळतो आणि ती तिथेच पडून असते, एकटी, छताकडे बघत. कॅमेरा तिच्यापाशी ठेवा.

आणि समजा कॅमेऱ्यासमोर कुणी तिच्यावर ओरडलं, मारलं, न विचारता काही केलं तर? जागतिक आरोग्य संघटनेने २०१४ साली हॉस्पिटलमधल्या अशा वागणुकीविरुद्ध जाहीर निवेदन काढलंय, म्हणजे हा तुमच्या फिल्मपुरता अपवाद नाही. पण ती अजून त्यांच्याच हातात आहे हे लक्षात ठेवा. शारीरिक इजा होत असेल तर शूटिंग सोडा आणि बोला. बाकी फुटेज जपून ठेवा, ती घरी गेल्यावर तिच्याशी बोला, वापरायचं की नाही ते तिने ठरवू दे. वापरलंत तर एका नर्सला खलनायिका करून मोकळे होऊ नका, त्या शिफ्टला किती बेडमागे किती नर्स होत्या तेही दाखवा.

७. बाळ जसं येतं तसं

आत्ता जन्मलेलं बाळ गुलाबी नसतं. निळसर-जांभळट असतं, अंगावर पांढरा चिकट थर, थोडं रक्त, डोकं लांबट दबलेलं. निरोगी बाळाच्या रक्तातला ऑक्सिजन नव्वद टक्क्यांच्या आसपास यायला दहा-एक मिनिटं लागतात आणि हातपाय तर त्यानंतरही बराच वेळ निळसर राहू शकतात. सावळ्या बाळात हा रंग ओठांवर आणि जिभेवर जास्त नीट दिसतो. कलर ग्रेडिंग करणाऱ्याला, म्हणजे एडिटनंतर चित्राचे रंग ठरवणाऱ्याला, हे सांगून ठेवा, तो सवयीने बाळ गुलाबी करून टाकेल आणि मग तुमची फिल्म बघितलेली एखादी बाई आपलं निळसर बाळ बघून उगाच हादरेल.

काही बाळं लगेच रडत नाहीत. ती शांतता कापू नका आणि तिच्याखाली म्युझिकही घालू नका. नाळ कापायला निदान एक मिनिट थांबावं अशी शिफारस आहे, तोवर ती जाड, पिळदार दोरी ठोके देत असते, तो शॉट घ्या, फार कमी लोकांनी पाहिलाय. डॉक्टर पहिल्या आणि पाचव्या मिनिटाला बाळाची तब्येत बघून त्याला गुण देतात, व्हर्जिनिया अपगार या भूलतज्ज्ञ बाईंनी १९५२ साली काढलेली पद्धत, ते आकडे ऐकू आले तर राहू द्या, पण ती हुशारीची परीक्षा नाही हे प्रेक्षकाला कळेल असं बघा.

८. बाळ रडलं की फिल्म संपवू नका

रडण्यानंतर वार (प्लॅसेंटा) पडायची असते, साधारण अर्ध्या तासात, अर्धा किलोच्या आसपास वजनाची. मग टाके. आणि रक्तस्राव, जो बाळंतपणातल्या मृत्यूंचं एक मोठं कारण आहे. २०२३ साली जगात गरोदरपण आणि बाळंतपणाच्या कारणाने सुमारे २ लाख ६० हजार बायका गेल्या, आणि त्यातले बहुतेक मृत्यू टाळता आले असते. बाळाच्या रडण्यावर पडदा पाडला की प्रेक्षकाला वाटतं धोका टळला.

म्हणून शूटिंगच्या दिवसांपैकी निदान एक तृतीयांश दिवस बाळंतपणानंतरसाठी राखून ठेवा, बजेट करतानाच. पहिल्या आठवड्यात एकदा, थोडाच वेळ. चार ते सहा आठवडे अंगावरून जात असतं, टाक्यांमुळे बसता येत नाही, पहिल्यांदा शीला बसायची भीती वाटते, बाळ प्यायला लागलं की पोटात कळा येतात कारण पिशवी आकसत असते, दूध उतरताना छाती दगडासारखी होते. तिसऱ्या ते पाचव्या दिवसाच्या सुमाराला रडू येणं बहुसंख्य बायकांना होतं आणि दोनेक आठवड्यांत ओसरतं. ओसरलं नाही, झोप लागत नाही, बाळाबद्दल काही वाटेनासं झालं, तर ते डिप्रेशन असू शकतं, साधारण दहात एकीला तरी होतं. तेव्हा कॅमेरा बाजूला ठेवायचा आणि तिला डॉक्टरपर्यंत पोचवायचं. तो फोन नंबर शूटिंगच्या पहिल्या दिवसापासून तुमच्या कॉल शीटवर, म्हणजे टीमला रोज मिळणाऱ्या शूटिंगच्या कागदावर, असू दे. मग सहाव्या आठवड्यात भेटा आणि जमलं तर सहाव्या महिन्यात, तेव्हा ती बाळंतपणाबद्दल जे सांगते ते पहिल्या दिवशी सांगितलेल्यापेक्षा खूप वेगळं असतं, दोन्ही फिल्ममध्ये ठेवा.

९. एडिट

वेळ कापावाच लागणार, पण किती कापलाय ते कळू द्या. भिंतीवरचं घड्याळ, खिडकीबाहेर बदलणारा उजेड, नर्सची बदललेली शिफ्ट, किंवा सरळ पडद्यावर लिहा "अकरा तासांनंतर". घटनांचा क्रम बदलू नका. दुसऱ्या बाळाचं रडणं लावू नका, दुसऱ्या बाईची कळ उसनी घेऊ नका. बाळाच्या ठोक्यांच्या मशीनचा बीप सस्पेन्ससाठी वापरायचा मोह होतो, पण पोटातल्या बाळाचे ठोके मिनिटाला ११० ते १६० असतात, कळ आली की कधी खाली-वर होतात आणि पोटावर बांधलेला मशीनचा पट्टा सरकला तरी ते ओरडतं, त्यामुळे खरोखर काळजीचं होतं का हे त्यावेळच्या डॉक्टरांना विचारल्याशिवाय तो आवाज वाढवू नका. रफ कट, म्हणजे एडिटचा पहिला कच्चा आराखडा, एका प्रसूतितज्ज्ञाला आणि एका सुईणीला, वेगवेगळं, दाखवा. दोघांना वेगळ्या चुका दिसतील.

१०. तिला दाखवणं, मग जगाला

पहिले दोन-तीन महिने तिला फिल्म दाखवायची घाई करू नका. दाखवाल तेव्हा तिच्या घरी, तिला हव्या त्या माणसासोबत, आणि रिमोट तिच्या हातात. लगेच मत मागू नका, आठवड्याने विचारा.

फिल्मच्या सुरुवातीला काय दिसणार ते थोडक्यात लिहा, बाळ दगावणं असेल तर ते नक्की लिहा. प्लॅटफॉर्म वयाची अट घालतील किंवा काही शॉट काढायला सांगतील, म्हणून दुसरा कट तयार ठेवा, पण त्यातले बदलही तिला दाखवून करा. पोस्टर, ट्रेलर आणि सोशल मीडियाच्या क्लिपसाठी वेगळी परवानगी, कारण तिथे मागचा-पुढचा संदर्भ तुटतो आणि पंधरा सेकंदांची क्लिप कुठे जाईल ते कुणाच्याच हातात राहत नाही.

शेवटी रॉ फुटेज. फिल्ममध्ये एक तास गेला तरी तुमच्याकडे शंभर तास पडलेले असतात आणि त्यात तिचं उघडं शरीर आहे, तिच्या तब्येतीची माहिती आहे. पासवर्ड लावलेल्या दोन ड्राइव्ह, क्लाउडवर नाही, आणि कोण उघडू शकतं त्यांची नावं लिहिलेली. एक प्रत तिला द्या. किती वर्षांनी पुसायचं ती तारीख करारात घाला आणि कंपनी बंद पडली किंवा विकली गेली तर ते फुटेज कुणाकडे जाणार तेही त्याच कागदावर लिहा.